एनसीएलटीची (कंपनी कायद्याच्या ट्रिब्युनलची) ऑर्डर हातात आहे, पण कंपनी निबंधक कार्यालय कंपनी परत रजिस्टरवर घेत नाही. आता कुठं जायचं?

हळदवाला_पलूस

नमस्कार मंडळी. विषय किचकट आहे, लांबड लागणार, पण शेवटपर्यंत वाचा एवढीच विनंती, कारण आता विचारायचं कुणाला हेच कळंना झालंय.

आमची शेतकरी उत्पादक कंपनी आहे, भिलवडीच्या बाजूला, साडेतीनशेच्या आसपास सभासद, सगळे हळदवाले. ऑगस्ट २०१९ च्या पुरात ऑफिसात छताला पाणी लागलं, कपाटातलं सगळं दप्तर लगदा झालं, अकाउंटचं बघणारा पोरगा नोकरी सोडून पुण्याला गेला, मग कोरोना, मग जुलै २०२१ ला परत पूर, आणि ह्या सगळ्यात कंपनीचे वार्षिक फॉर्म म्हणजे ते एओसी-४ (ताळेबंदाचा) आणि एमजीटी-७ (वार्षिक रिटर्नचा) भरायचे राहिले ते राहिलेच. चूक आमची, मान्य. पण धंदा एक दिवस बंद नव्हता, सभासदांची हळद गोळा करून सांगलीला सौद्यात लावायचं काम चालूच होतं. २०२३ ला कंपनी बंद पडलीय असं धरून कंपनी निबंधकानं (कंपन्यांची नोंदणी ठेवणारं सरकारी ऑफिस) आमचं नाव रजिस्टरवरनं काढलं. नोटीस आली होती म्हणतात, आम्हाला तरी मिळाली नाही.

मग मुंबईच्या एनसीएलटीत कंपनी कायद्याच्या कलम २५२ खाली, म्हणजे काढलेलं नाव परत घ्यावं म्हणून, गेलो. चुलते सभासद आहेत, त्यांच्या नावानं अर्ज केला. पावत्या, बँक स्टेटमेंट, मार्केट यार्डाच्या पट्ट्या सगळं दाखवलं आणि ह्या वर्षी १९ जानेवारीला ऑर्डर आमच्या बाजूनं झाली, नाव परत घ्या म्हणून. घरात पेढे वाटले हो आम्ही. सर्टिफाइड कॉपी मिळाली, २२ फेब्रुवारीला निबंधक कार्यालयात नेऊन दिली, सरकारच्या कंपनी पोर्टलवर आयएनसी-२८ (ऑर्डर कळवायचा फॉर्म) भरला, कॉस्ट म्हणजे ऑर्डरमध्ये सांगितलेला खर्च भरला.

तेव्हापासून आजपर्यंत, दिवाळी तोंडावर आली, पोर्टलवर स्टेटस तेच, स्ट्राइक ऑफ, म्हणजे नाव काढलेलं. तीन वेळा जाऊन आलो. एकदा म्हणाले फाइल वर गेलीय, एकदा म्हणाले गॅझेटचं बघतोय, तिसऱ्यांदा तर ज्या माणसाला कॉपी दिली त्याची बदली झालेली आणि नव्या माणसाला काहीच माहीत नाही. खातं गोठलेलं आहे, सभासदांचे पैसे अडकलेत, जानेवारी-फेब्रुवारीत नवीन हळद येईल तेव्हा खरेदी कशाच्या जोरावर करायची? लोक घरी येऊन विचारतात, तोंड दाखवायची चोरी झालीय.

माझा साधा प्रश्न आहे. ट्रिब्युनलनं सांगूनही सरकारी ऑफिसच ऐकत नसेल तर सामान्य माणसानं काय करायचं? कंटेम्प्ट म्हणजे अवमानाचा अर्ज टाकायचा का? हायकोर्टात जायचं का? का परत पहिल्यापासनं सगळं?

गावभाग_सांगली

दादा वाचून वाईट वाटलं. माझ्या मते सरळ कंटेम्प्ट टाका, एकदा साहेबाच्या नावानं नोटीस निघाली की फाइल आपोआप हलते. दुसरं म्हणजे आपल्याकडं दप्तर दिरंगाईचा कायदा आहे, २००५ चा, त्याखाली तक्रार करा. आणि सांगली कोर्टात मनाई-हुकमाचा दावा टाकला तर? नुकसानभरपाईपण मागता येईल. लांब मुंबईला हेलपाटे कशाला.

सीएस_मिरज

दादा, आधी चार गोष्टी विचारते, राग मानू नका, कारण कंटेम्प्ट वगैरे पुढचं आहे, आधी घोडं कुठं पेंड खातंय ते शोधायला पाहिजे.

एक तर तुमच्या ऑर्डरमधला शेवटचा भाग, जिथं अटी लिहिलेल्या असतात, तो शब्द न् शब्द वाचलाय का? एनसीएलटी नियम २०१६ मध्ये ८७अ म्हणून नियम आहे, २५२ च्या प्रकरणात ऑर्डर कशी असावी ते त्यात दिलंय. त्याप्रमाणे अर्जदारानं ऑर्डरच्या तारखेपासून ३० दिवसांत सर्टिफाइड कॉपी निबंधकाला पोचवायची, ती पोचल्यावर निबंधकानं आपल्या सही-शिक्क्यानं ऑर्डर गॅझेटमध्ये छापायची, वेगळं काही सांगितलं नसेल तर निबंधकाचा खर्च अर्जदारानं द्यायचा, आणि कंपनीनं राहिलेले सगळे ताळेबंद नि रिटर्न ठरवून दिलेल्या मुदतीत भरायचे.

आता तुमची तारीख बघा. १९ जानेवारीची ऑर्डर आणि २२ फेब्रुवारीला कॉपी दिली, म्हणजे ३४ वा दिवस. चार दिवस उशीर. कॉपीच उशिरा मिळाली असणार, तो तुमचा दोष नाही, आणि ऑर्डरमध्ये कॉपी मिळाल्यापासून ३० दिवस असं लिहिलं असेल तर प्रश्नच मिटला. पण नुसतं ऑर्डरच्या तारखेपासून असं असेल तर समोरचा उद्या ट्रिब्युनलपुढं उभा राहून हेच बोट दाखवणार की अट पाळली नाही म्हणून आम्ही थांबलो. तोंडी एकानंही तुम्हाला हे सांगितलं नसेल, तरी लेखी उत्तर द्यायची वेळ आली की हे निघतं, मी हे बघितलंय.

कॉस्ट भरली म्हणताय, त्याची चलन पावती ऑफिसात दिलीत का फक्त भरलीत? आणि २२ तारखेला कॉपी दिली त्यावर आवक शिक्का आहे का?

हळदवाला_पलूस

ताई राग कसला, असं कुणीतरी खोदून विचारायलाच पाहिजे होतं. आत्ताच ऑर्डर काढून बसलो. "ऑर्डरच्या तारखेपासून ३० दिवस" असंच आहे. सर्टिफाइड कॉपी आमच्या हातात पडली १७ फेब्रुवारीला, त्याच्यावर शिक्का आहे, अर्ज कधी केला कॉपी कधी तयार झाली सगळं मागच्या बाजूला लिहिलंय. आमच्या प्रतीवर आवक शिक्का आहे, तारीख आणि सहीपण आहे. कॉस्टची पावती मात्र ऑफिसात दिलेली नाही, ती आमच्याच फाइलला आहे, द्यायची असते हे माहीतच नव्हतं.

गॅझेटच्या खर्चाचं कुणी काही कळवलंच नाही. पत्र नाही, ईमेल नाही.

सातारकर_कारखानदार

आमची केस वेगळी होती पण दुखणं तुमचंच, म्हणून लिहितोय. साताऱ्यात एमआयडीसीत आमचं छोटं युनिट आहे, प्रायव्हेट लिमिटेड. भागीदारांत वाद झाला, एकानं बोगस मीटिंग दाखवून स्वतःचा माणूस डायरेक्टर म्हणून पोर्टलवर चढवला. आम्ही एनसीएलटीत कलम २४१-२४२ खाली, म्हणजे कंपनीतल्या गैरकारभाराविरुद्ध, गेलो, दोन-अडीच वर्षं चाललं, ट्रिब्युनलनं ती नेमणूक रद्द केली आणि रेकॉर्ड दुरुस्त करा म्हणून निबंधकाला सांगितलं. ऑर्डर देऊन सात महिने झाले तरी त्या माणसाचं नाव पोर्टलवर डायरेक्टर म्हणूनच. तो बँकेत जाऊन सांगायचा बघा सरकारी रेकॉर्डवर मीच आहे. आणि बँक त्याचं ऐकायची. रात्री झोप नाही लागायची.

आम्ही घाईत हायकोर्टात रिट टाकली, मुंबईला. तिथं पहिल्याच तारखेला विचारलं की ज्या ट्रिब्युनलनं ऑर्डर दिली तिच्याकडंच अंमलबजावणीचा अधिकार आहे तर तिथं का गेला नाही? वकिलानं रिट मागं घेतली, वेळ गेला, पैसा गेला. मग एनसीएलटीत अंमलबजावणीचा अर्ज केला आणि दुसऱ्या तारखेच्या आधीच पोर्टलवर नाव निघालेलं होतं. सात महिने जे झालं नाही ते काही आठवड्यांत झालं. म्हणून सांगतो, हायकोर्टाकडं पळण्याआधी तिथंच जा जिथनं ऑर्डर आणली.

वकील_विश्रामबाग

कंपनी कायद्याची कामं करतो म्हणून सविस्तर लिहितोय. मोबाईलवर टाइप करतोय, चुका समजून घ्या.

गावभागवाल्या मित्राचा हेतू चांगला आहे पण तिथून सुरुवात करतो, कारण बरेच लोक त्याच वाटेनं जाऊन वर्ष वाया घालवतात. दप्तर दिरंगाईचा कायदा राज्य सरकारी कर्मचाऱ्यांना लागू आहे, कंपनी निबंधक केंद्र सरकारच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाखाली येतो, त्याला लागत नाही. २०१५ चा लोकसेवा हक्क कायदापण राज्याचाच. आणि सांगली कोर्टात दावा टाकायचा म्हणाल तर कंपनी कायद्याचं कलम ४३० आडवं येतं, जे विषय ट्रिब्युनलकडे दिलेत त्यात दिवाणी कोर्टाला हातच घालता येत नाही. भरपाईचं तर विसराच, कलम ४५६ मध्ये चांगल्या हेतूनं केलेल्या कामाबद्दल सरकारी अधिकाऱ्याला संरक्षण दिलंय, वाईट हेतू सिद्ध करत बसलात तर मूळ काम बाजूला राहील.

आता खरा रस्ता. कलम ४२४ च्या पोटकलम ३ मध्ये सरळ लिहिलंय की ट्रिब्युनलची ऑर्डर म्हणजे जणू दिवाणी कोर्टाची डिक्री आहे असं समजून तिची अंमलबजावणी ट्रिब्युनल स्वतः करून घेऊ शकतं. म्हणजे आपल्याकडं दरखास्त म्हणतात ना कोर्टाच्या भाषेत, तीच. सातारकरांनी केलं ते हेच. ह्यात अधिकाऱ्यानं मुद्दाम केलं का चुकून केलं हे सिद्ध करावं लागत नाही, ऑर्डर आहे, कॉपी पोचली, काम झालं नाही, एवढं पुरे. सोबत नियम ११ म्हणजे ट्रिब्युनलचे अंगभूत अधिकार तेपण लिहायचे. आणि मागणी अगदी मोजूनमापून लिहायची. "ऑर्डरची अंमलबजावणी व्हावी" असं मोघम लिहिलं तर "करतो" असं मोघम उत्तर येतं. लिहा की अमुक दिवसांत स्टेटस ॲक्टिव्ह करा, गॅझेटमध्ये ऑर्डर छापा, त्याचा खर्च किती ते सात दिवसांत लेखी कळवा, आयएनसी-२८ चा अमुक एसआरएन (पोर्टलवरचा अर्ज क्रमांक) निकाली काढा, आणि हे सगळं केल्याचं शपथपत्र पुढच्या तारखेला द्या. शपथपत्राची मागणी विसरू नका. कुणाला तरी सही करून लिहून द्यावं लागतं तेव्हाच फाइल उघडली जाते.

ताईंनी दाखवलेलं चार दिवसांचं भोक त्याच अर्जात बुजवा. नियम १५ खाली ट्रिब्युनल आपण घातलेली मुदत वाढवून देऊ शकतं, मुदत संपून गेल्यावरसुद्धा. कॉपी १७ तारखेला मिळाली, पाच दिवसांत पोचवली, मागच्या बाजूचा शिक्का जोडला, विषय संपला. हे न करता नुसती अंमलबजावणी मागितली तर समोरचे त्याच मुद्द्यावर दोन तारखा खातील.

कंटेम्प्टबद्दल. कलम ४२५ नं ट्रिब्युनलला अवमानाच्या बाबतीत हायकोर्टासारखेच अधिकार दिलेत, १९७१ चा अवमान कायदा लागू होतो. ऐकायला लई भारी वाटतं. पण त्यात जाणूनबुजून अवज्ञा केली हे दाखवावं लागतं, संशयाचा फायदा समोरच्याला मिळतो, आणि तुमच्या बाबतीत तो म्हणणार कॉपी मुदतीनंतर आली, कॉस्टची पावती मिळाली नाही, आधीच्या माणसाची बदली झाली, मग जाणूनबुजून कुठं? शिक्षा म्हणाल तर जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा २००० रुपये दंड किंवा दोन्ही, आणि मनापासून माफी मागितली तर ती स्वीकारून सोडतातही. माफीनं तुमचं खातं उघडत नाही. म्हणून कंटेम्प्ट हे पहिलं हत्यार नाही.

पण, आणि इथं नीट लक्ष द्या, ते हत्यार गंजू द्यायचं नाही. अवमान कायद्याचं कलम २० आहे, एक वर्षाची मुदत. ज्या दिवशी अवमान झाला असं तुम्ही म्हणता त्या दिवसापासून एक वर्ष. २००१ मध्ये पल्लव शेठ प्रकरणात सुप्रीम कोर्टानं स्पष्ट केलंय की वर्षाच्या आत तुमचा अर्ज दाखल झाला पाहिजे, मग कोर्टानं त्यावर पुढं कधी कारवाई सुरू केली तरी चालेल. दिवस नेमका कधीपासून मोजायचा यावर वाद घालता येतो, रोज अवमान चालूच आहे असंही म्हणतात, पण तुम्ही त्या वादाच्या भरवशावर राहू नका. सगळ्यात कडक धरून चाला, १९ जानेवारीची ऑर्डर म्हणजे संक्रांतीच्या आत निर्णय घ्यायचा. अंमलबजावणीचा अर्ज दिवाळी झाली की लगेच, आणि डिसेंबर अखेरपर्यंत हाललं नाही तर कंटेम्प्ट वेगळा दाखल करायचा, तोपर्यंत पुरावा पक्का झालेला असेल. साहेब मंडळी गोड बोलतात, अजून पंधरा दिवस थांबा म्हणतात, आणि आपण भिडेपोटी थांबतो. असे पंधरा-पंधरा दिवस करत वर्ष गेलेले माझ्याकडं तीन पक्षकार आलेत.

अपीलाची भीती असेल तर तीपण काढून टाका. निबंधकाला ऑर्डर मान्य नसती तर कलम ४२१ खाली कॉपी मिळाल्यापासून ४५ दिवसांत अपील ट्रिब्युनलकडं (एनसीएलएटी) जायला पाहिजे होतं, फार तर आणखी ४५ दिवस माफ होतात, त्यापलीकडं नाही. तुमच्या तारखांप्रमाणं ते दार मे महिन्यातच बंद झालं. आणि अपील केलं असतं तरी स्टे मिळाल्याशिवाय ऑर्डर पाळावीच लागते. तरी एनसीएलएटीच्या वेबसाइटवर केस स्टेटस एकदा बघून घ्या, खात्री असलेली बरी.

राहिलं हायकोर्ट. अनुच्छेद २२६ खाली परमादेशाची (अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावणारी) रिट होऊ शकते, कारण कलम २५२ मध्ये निबंधकानं नाव परत घ्यावं हे "शक्य झाल्यास" असं नाही, ते त्याचं कायद्यानं ठरवलेलं कर्तव्य आहे, त्यात त्याला मर्जी नाही. आणि आता आपल्याला मुंबई गाठायला नको, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय, सांगली-सातारा त्याच्याच हद्दीत येतात, किती वर्षं भांडलो आपण त्याच्यासाठी. पण सातारकरांना जो प्रश्न विचारला तोच तिथंही विचारतील, दुसरा उपाय असताना इथं का आलात. म्हणून रिट तेव्हाच, जेव्हा ट्रिब्युनलकडं जाऊन आलात, तिथं तारीखच लागत नाही किंवा तिथला दुसरा आदेशही पाळला नाही असं दाखवता येईल. आणि रिटच्या आधी लेखी मागणी करून नकार किंवा गप्प बसणं रेकॉर्डवर आणावं लागतं. ते पत्र आजच पाठवा, पुढं कुठंही गेलात तरी उपयोगी पडतं.

निवृत्त_कराड

मी केंद्र सरकारच्या एका खात्यातून निवृत्त झालोय, हे खातं नव्हे, पण टेबलं सगळीकडं सारखीच. वकीलसाहेबांनी कायद्याचं सांगितलं, मी कागदाचं सांगतो.

तोंडी चौकशीला ऑफिसात किंमत नसते. तुम्ही तीन वेळा गेलात, त्याची कुठंही नोंद नाही, रेकॉर्डप्रमाणं तुम्ही फेब्रुवारीनंतर गप्प आहात. हे आधी बदला. स्पीड पोस्टानं पत्र पाठवा, पदनामानं, ऑर्डरची प्रत, आवक शिक्का असलेली प्रत, कॉस्टची पावती सगळं परत जोडून. त्याची एक प्रत प्रादेशिक संचालकांना, कारण निबंधकावर देखरेख त्यांची असते. खालच्या टेबलाला वरच्या टेबलाकडं प्रत गेलीय हे दिसलं पाहिजे.

आणि माहिती अधिकार टाका, ऑनलाइन होतो, १० रुपये. अर्जात "आमचं काम का झालं नाही" असं विचारू नका, का ह्या प्रश्नाला उत्तर द्यायला ते बांधील नाहीत. असं विचारा की अमुक क्रमांकाची ऑर्डर आपल्या कार्यालयात कोणत्या तारखेला मिळाली, आजपर्यंत कोणकोणत्या अधिकाऱ्याकडं ती फाइल किती दिवस होती, फाइलवरच्या टिपणीच्या प्रती द्या, गॅझेट प्रसिद्धीसाठी काय पत्रव्यवहार केला त्याच्या प्रती द्या. ३० दिवसांत उत्तर द्यायचं असतं. नाही आलं तर पहिलं अपील, आणि दुसरं अपील केंद्रीय माहिती आयोगाकडं, राज्याच्या नाही, इथं पुष्कळ जण चुकतात.

ह्यानं तुमचं नाव रजिस्टरवर येणार नाही हे मलाही माहीत आहे. पण उत्तरात ते स्वतःच्या सहीनं लिहून देतील की ऑर्डर २२ फेब्रुवारीला मिळाली आणि त्यानंतर फाइल अमुक ठिकाणी पडून आहे. वकीलसाहेब म्हणतात तो जाणूनबुजूनचा पुरावा म्हणजे हाच कागद. मी नोकरीत असताना माहिती अधिकाराचा अर्ज आला की सगळ्यात आधी ती फाइल शोधली जायची, आणि शोधल्यावर लाजेनं का होईना पुढं सरकवली जायची, हेही खरं.

वकील_विश्रामबाग

काकांचं शंभर टक्के बरोबर. फक्त उत्तर येईपर्यंत अंमलबजावणीचा अर्ज थांबवू नका, दोन्ही एकाच वेळी चालू द्या. उत्तर आलं की ते नंतर शपथपत्रासोबत लावता येतं.

हळदवाला_पलूस

वाचताना दोनदा डोळे भरून आले. नऊ महिन्यांत पहिल्यांदा कळलं की कुठं उभा आहे मी. पत्र आज रात्री लिहितो.

दोन गोष्टी अजून मनात आहेत. एक, राहिलेले फॉर्म. स्टेटस ॲक्टिव्ह झाल्याशिवाय पोर्टल ते घेत नाही, आणि लेट फी तर रोज वाढतीय म्हणे. निबंधकानं उशीर केला त्याची फी आमच्या शेतकऱ्यांनी का भरायची? दुसरं, बँक. खात्यात सभासदांचेच पैसे आहेत, कंपनीचा नफा नाही, हळदीचे पैसे आहेत ते. बँकवाले पोर्टल दाखवून हात वर करतात.

सीएस_मिरज

लेट फी प्रत्येक फॉर्मला रोजची १०० रुपये, वरची मर्यादा नाही, आणि तुमचे प्रत्येक वर्षाचे दोन फॉर्म. म्हणजे एका वर्षाच्या दोन फॉर्मवर रोज २०० रुपये, पाच वर्षांचे राहिले असतील तर रोज १०००. निबंधकानं घालवलेले आठ महिने म्हणजे साधारण २४० दिवस, गुणाकार तुम्हीच करा, म्हणून हा मुद्दा लहान समजू नका. अर्जात स्वतंत्र मागणी घाला की २२ फेब्रुवारीपासून स्टेटस बदलेपर्यंतच्या दिवसांची जादा फी आमच्यावर लावू नये. कलम २५२(३) मध्ये ट्रिब्युनलला असा अधिकार आहे की नाव कधी निघालंच नव्हतं अशी स्थिती शक्य तितकी परत आणण्यासाठी लागतील ते निर्देश द्यावेत, त्याचा आधार घ्या. मिळेलच असं मी सांगत नाही, फी कायद्यानं ठरलेली आहे आणि बेंच त्यात हात घालायला कचरतं, पण मागितलं नाही तर नक्कीच मिळणार नाही. तोपर्यंत सगळ्या वर्षांचे ताळेबंद ऑडिट करून सही होऊन तयार ठेवा, स्टेटस बदललं त्या आठवड्यात फॉर्म गेले पाहिजेत. बरेच जण इथं परत अडकतात, ऑर्डरप्रमाणे फॉर्म भरायची मुदत तुम्हीच पाळली नाही असं व्हायला नको.

बँकेचं. कलम २५० नीट वाचा. नाव काढल्यावर कंपनीचं नोंदणी प्रमाणपत्र रद्द समजलं जातं, पण दोन कामं सोडून, येणी वसूल करणं आणि देणी भागवणं. सभासदांच्या हळदीचे पैसे ही देणीच आहेत. शाखेत साहेब स्वतःच्या जबाबदारीवर हे करणार नाहीत, पण बँकेच्या कायदा विभागाला कलम २५० आणि ट्रिब्युनलची ऑर्डर जोडून लेखी पत्र द्या, फक्त सभासदांची देणी भागवण्यापुरती परवानगी मागा, यादी आणि रकमा जोडा. नकार आला तरी लेखी मागा, तो कागद ट्रिब्युनलपुढं नुकसान किती होतंय हे दाखवायला लागतो. आणि अर्ज तातडीनं ऐकावा असं म्हणायला नवीन हळदीचा हंगाम आणि अडकलेले शेतकरी याहून मोठं कारण काय असणार, ते पहिल्याच परिच्छेदात लिहा, शेवटी नको.

गावभाग_सांगली

दप्तर दिरंगाई केंद्राला लागत नाही हे मला खरंच माहीत नव्हतं, चुकीचं सांगितलं त्याबद्दल दादांची माफी मागतो. मार्केट यार्डातल्या अडत्यांकडून तुमच्या कंपनीच्या नावाच्या जुन्या पट्ट्या, सौद्याच्या नोंदी लागल्या तर सांगा, माझ्या ओळखीचे आहेत, काढून देतो.

हळदवाला_पलूस

माफी कसली मालक, तुम्ही पहिलं उत्तर दिलं म्हणून तर बाकीचे बोलले. पट्ट्या लागतील, ताळेबंदाला लागतीलच, फोन करतो.

वकीलसाहेब शेवटचा प्रश्न. अंमलबजावणीचा अर्ज कुणाच्या नावानं करायचा? कंपनीच्या नावानं करायचा तर कंपनी रजिस्टरवर नाही, ठराव तरी कसा करायचा? आणि चुलत्यांचं वय आता ७४ आहे, महालक्ष्मीनं रात्रभर बसून मुंबईला न्यायचं म्हणजे जीव वर येतो.

वकील_विश्रामबाग

मूळ अर्जदार चुलते होते ना, मग अर्ज त्यांच्याच नावानं. ऑर्डर त्यांच्या अर्जावर झालीय, ती अमलात आणून घ्यायचा हक्क त्यांचाच, कंपनीच्या ठरावाची गरज नाही. समोर निबंधक तर आहेच, प्रादेशिक संचालकांनाही प्रतिवादी करा. चुलत्यांना मुंबईला न्यायची गरज नाही, शपथपत्र सांगलीत नोटरीपुढं करता येतं, वकीलपत्रावर सही इथंच. फक्त सही करण्याआधी सर्टिफाइड कॉपी, आवक शिक्का, कॉस्टची पावती आणि एसआरएनची प्रिंट हे चार कागद एकत्र घेऊन बसा आणि तारखा त्यांना वाचून दाखवा, कारण शपथ त्यांची आहे.

हळदवाला_पलूस

चारही कागद समोर आहेत. चुलत्यांना सकाळी वाचून दाखवतो, पाडव्यानंतर नोटरीकडं जाऊ. स्पीड पोस्टाचं पत्र उद्याच भिलवडीच्या पोस्टातनं टाकतो, पावतीचा नंबर मिळाला की इथं कळवतो.